न दाबलेलं बटण

"'काळा' हे बटण आम्ही काढून टाकतोय," अभियंता परचुरे म्हणाले. "वर्षभरात तुमच्या रुग्णालयात ते एकदाही कोणी दाबलेलं नाही. म्हणजे गरजच नाही!"

डॉ. यमुना मडावींनी कपाळावर हात मारून घेतला. याच बटणासाठी त्या परचुऱ्यांच्या कंपनीशी कितीतरी भांडल्या होत्या. कंपनीचा 'प्राणमापी' बोटातून प्रकाश सोडून रक्तातला प्राणवायू मोजतो आणि अतिदक्षतेची खाट कोणाला द्यायची, हेही स्वतःच ठरवतो. काळी त्वचा तो प्रकाश जास्त शोषते, म्हणून आकडा खऱ्यापेक्षा चढा येतो. गुदमरणारा माणूस यंत्राला ठणठणीत दिसतो.

"यंत्राला जात कळत नाही की रंग," परचुरे तेव्हा म्हणाले होते.

"तेच तर दुखणं आहे! कळत नाही म्हणूनच सांगायला हवा," मडावींनी सुनावलं होतं. शेवटी मोजण्याआधी रुग्णाचा रंग सांगायला चार बटणं आली: गोरा, गव्हाळ, सावळा, काळा. जंगलपट्ट्यातल्या या रुग्णालयात ती सर्वांत आधी बसली.

तेवढ्यात सिस्टर ललिता धावत आली. "मॅडम, तुमच्या बाबांना आणलंय. दम लागलाय, पण यंत्र चौऱ्याण्णव दाखवतंय. खाट देत नाही."

बाबांचे ओठ निळे पडले होते. पडद्यावर रंग होता 'गव्हाळ'.

"सिस्टर, हे काय?"

"अहो, तुमचे वडील ते! त्यांच्या तोंडावर काळा कसं म्हणायचं?"

बाबा धापा टाकतच हसले. "दाब नं माय. काळाच हाय मी. लाजाचं काय त्याच्यात?"

मडावींनी बटण दाबलं. ब्याऐंशी. घंटा वाजली, खाट मिळाली. त्यांचा जीव भांड्यात पडला, पण क्षणभरच.

"आणि बाकीच्यांना?"

ललिताचा चेहरा उतरला. "सगळे गव्हाळच. फार तर सावळे. आपण कोणाला असं बोलतो का, मॅडम?"

बाहेर बाकांवर 'घरी जा' म्हणून सांगितलेली माणसं बसली होती. त्यांना पुन्हा मोजायला घेतलं. बटण आता परचुरे स्वतः दाबत होते. घंटा वाजली. पुन्हा वाजली. मग थांबेचना.

"किती खाटा उरल्यात?" मडावींनी विचारलं.

"एक."

"एवढ्या मोठ्या रुग्णालयात एकच?"

परचुऱ्यांनी मान खाली घातली. "कुठे किती खाटा ठेवायच्या, हेही यंत्राच्याच आकड्यांवरून ठरतं. तुमच्याकडची माणसं वर्षभर ठणठणीत होती, मॅडम. निम्म्या खाटा आम्ही आज सकाळीच शहरात हलवल्या."