बंद गोळ्यातला दम

लाइट गेली का तुमाले माई आठवण येते. लाइट असली तवा बुढा खोकलला तरी टीव्हीचा आवाज मोठा करता. अन् या पंजाबरावच्या पोरीले कोणं सांगतलं फडताळात हात घालायले? म्हणे, आबाजी, या फडक्यात काय गुंडाळून ठेवलं? ठेव ते पह्यले जागेवर. गाठ सोडू नको. सांगतो. मले सांगायची हौस नाई, पण तुमी काही झोपू देणार नाई. मधात बोलाल तर मी उठून जाईन. अन् बुढा फेकते म्हणाल तर उद्यापासून माया खाटेजवळ यायचं नाई.

ही गोष्ट माया अंगावरची नाई. सूर्यभानच्या अंगावरची हाये. मी निस्ता संग होतो.

सूर्यभान आपल्याच गावचा, माया बरोबरीचा. त्याचं घर अन् माझं घर, मधात एक भिंत. अठ्ठावन साली त्याचं लग्न झालं. बायको मैना, अकोल्याची. शहरात वाढलेली, बोलणं मोकळं, हसणं मोकळं. आपल्या भातकुलीकडच्या माणसाले बायको कोणासंग हसली का रात्री जेवण गोड लागत नाई. सूर्यभानचं तर त्याहून वाईट. कासार बांगड्या भराले आला तरी हा दारात बसून त्याचे हात पाहे.

मैनाच्या माहेराच्या मागं, मोर्णेच्या काठी, काचेची भट्टी होती. कंदिलाच्या काचा बनत तथी. शेजारचा सहदेव त्या भट्टीवर कामाले होता. त्यानं लग्नात आहेर म्हणून काचेचा गोळा देल्ला. कवठायेवढा, निळसर, चहूबाजूनं बंद, वरतून काचेचीच कडी. मैनानं तो लाल दोऱ्यानं आढ्याले टांगला, खाटेच्या बरोबर वर.

आता इथं माई एक चूक झाली. तेवढी कबूल करतो. मी मस्करीत म्हणलो, "सूर्यभान, लेका, हे गोळे तोंडानं फुंकतात म्हणे. अन् हा तर बंद हाये. म्हंजे सहदेवचा दम तुया खाटेवर लटकून राहिला."

तो हसला नाई. त्या दिवसापासून त्याची झोप गेली. वावरात काम करता करता मधातच थांबे अन् म्हणे, "श्रावण, तो दम अजून तसाच असन का रे आत?" मी म्हणो, "असन. जाईन कोठी?" मले काय माहीत हा मनाले लावून घेईन.

पुढच्या साली माघात गावात शंकरपट भरायचा होता. बैलजोड्या पळवायले चाळीस गावची माणसं येणार, मुक्काम करणार, अन् गावातल्या अर्ध्या कंदिलायच्या काचा फुटलेल्या. जानराव पाटलानं इचारलं, अकोल्याले कोण जाते? सूर्यभान पह्यले उठला. मले संग घेतलं. त्याले काचा आणायच्या नव्हत्या. त्याले सहदेव पाहायचा होता.

तो दिवस पोलीसपाटलाच्या कॅलिंडरवर मी मंग पाहून ठेवला. एकोणसाठ साल, फेब्रुवारीची सहा तारीख, शुक्रवार. पौष वद्य चतुर्दशी. बडनेऱ्यापर्यंत बैलाची दमणी, तथून पासिंजरनं अकोला. दहा वाजता भट्टीवर पोचलो.

तुमी काच बनताना पाह्यली नाई. मी पाह्यली. भट्टीच्या तोंडातून धग अशी येते का भिवया कुरकुरतात. आत मडक्यात काच पातळ झालेली, गुळाच्या पाकावाणी. माणूस लांब लोखंडी फुंकणी आत घालते, टोकाले पाक घेते, पाटीवर लोळवते, अन् फुंकते. गाल फुगतात, इकडं काच फुगते. हात फिरता राह्यला पाहिजे, नाई तर गोळा एका अंगाले लोंबते.

सहदेव उंच, सावळा, छातीनं भरलेला. आमाले पाहून फुंकणी खाली ठेवली अन् मोकळेपणानं म्हणला, "या या, जावईबापू. मैना कशी हाये? अजून चिंचा खाते का मीठ लावून?"

सूर्यभानले त्याच्या बायकोची चिंच माहीत नव्हती. कान लाल झाले त्याचे.

सहदेवनं आमाले बाजेवर बसवलं, चहा मागवला, अन् एकामागून एक काचा फुंकत राह्यला. बाकीचे कामगार बी त्याच्याकडं पाहात. सूर्यभान बोलला, "याच्यात काय मोठं? आमी बी चुलीत फुंकतोच." सारे हसले. सहदेव बी हसला, पण वाईट नाई हसला. "फुंका मंग, जावईबापू. माई फुंकणी मातर देत नाई. इथं कोणी कोणाची फुंकणी तोंडाले लावत नाई. थांबा, तुमच्यासाठी कोरी आणतो."

तो मागच्या खोलीत गेला. सूर्यभानले तेवढं थांबणं बी झालं नाई. सहदेवच्या हातची फुंकणी घ्यायची, त्याच्या मेहरबानीनं फुंकायचं, हे त्याले कसं पचावं? भिंतीले एक जुनी फुंकणी टांगली होती, काळ्या दोऱ्यानं बांधलेली. यानं दोरा तोडला, फुंकणी मडक्यात घातली, तोंडाले लावली.

पोट्टे हो, हा माणूस वखर धरणारा. जन्मात कधी भट्टी पाह्यली नाई. पण त्याचा हात असा फिरला जसा तीस वर्षं तोच धंदा केला. एक फुंक. दुसरी फुंक. गोळा असा गोल का सहदेवचा त्याच्यापुढं खेडवळ वाटावा. तोंड बी यानंच बंद केलं, कडी बी यानंच वळली. कोणी सांगतलं नाई, कोणी शिकवलं नाई.

कोणी हसलं बी नाई.

बुढा शेषराव मिस्त्री बाहेरून आला. भिंतीकडं पाह्यलं. तुटलेला दोरा उचलला. म्हणला, "बुधाजीची घेतली?"

मंग त्यानं सांगतलं. माणूस मेला का त्याची फुंकणी भट्टीत तापवून मधातून वाकवतात, म्हंजे तिच्यातून पुन्हा दम जात नाई. बुधाजी उस्ताद दोन वर्षांपह्यले गेला. फुंकणी तोंडात असतानाच छाती बसली. कारागीर एक नंबर, पण जळका. बायकोले भट्टीच्या दाराशी बसवून ठेवे, कोणी तिच्याशी बोलू नये म्हणून. रात्री उठून तिच्या उशाशी उभा राहे, झोपली का नाई पाहाले. "आज वाकवू, उद्या वाकवू करता करता राहून गेली," शेषराव म्हणला. "आमची चूक झाली. पण तू हा गोळा फोड, बाप्पा. गरम हाये तवरच परत मडक्यात टाक."

सूर्यभान म्हणला, "तुमाले झोंबलं. शेतकऱ्यानं पह्यल्या झटक्यात केला म्हणून."

सहदेव कोरी फुंकणी घेऊन आला होता. त्यानं हात जोडले. "जावईबापू, माया आहेर फोडून टाका घरी गेल्यावर, मी काही म्हणणार नाई. पण हा मैनाच्या घरात नेऊ नका."

मैनाच्या घरात. या एका शब्दानं काम बिघडलं. घर सूर्यभानचं, अन् हा म्हणते मैनाचं. गोळा संध्याकाळपर्यंत गरम राखेत निवू देल्ला, अन् सूर्यभाननं तो धोतराच्या सोग्यात बांधला.

बडनेऱ्याले उतरलो तवा नऊ वाजले होते. दमणी जुंपली. अंधार असा का बैलाचं शिंग दिसत नव्हतं. काचायची पेटी तणसात ठेवली. गोळा सूर्यभानच्या मांडीवर. तो खूश होता. म्हणे, "आता माया घरात माया दम राहीन. दुसऱ्या कोणाचा नाई."

भातकुली मागं पडली. मी कंदील वर केला, रस्ता पाहाले. उजेड गोळ्यावर पडला.

गोळा आतून पांढरा झाला होता. थंडीत आरशावर तोंडानं 'हा' केल्यावर होते तसा.

मी म्हणलो, "पूस तो." त्यानं पुसला. निघालं नाई. आतून होतं ते.

मंग ते हळूहळू गेलं. काच साफ झाली.

मंग परत आलं.

परत गेलं.

मी बैलायले हाकललं. घर येईपर्यंत आमी दोघांनीबी गोळ्याकडं पाह्यलं नाई.

घरी गेल्यावर मात्र त्यानं करायचं तेच केलं. सहदेवचा गोळा आढ्यावरून काढला अन् अंगणात आपटला. त्या जागी स्वतःचा टांगला. मैनावहिनीनं काचा सुपात भरल्या अन् उकिरड्यावर टाकल्या.

त्या दिवसायत सूर्यभान रात्री वावरात राहे, हरभऱ्याच्या जागलीले. चार दिवसांनी सकाळी मी कंदिलाच्या काचा न्यायले त्याच्याकडं गेलो. मैनावहिनी सूर्यभानले चहा देत होती. माया देखत म्हणली, "एक इचारू? तुमी रातच्याले वावरातून येऊन माया उशाशी उभे काहून राहता? यायचं तर घरात या. निस्ता श्वास घेत उभे राहता, मले झोप येत नाई."

सूर्यभान एकाही रात्री घरी आला नव्हता.

त्यानं कप खाली ठेवला. बायकोकडं नाई पाह्यलं त्यानं. माझ्याकडं पाह्यलं. मधात एक भिंत, म्हणलं नाई का मी?

शंकरपटाच्या दिवशी, चाळीस गावच्या माणसायत, त्यानं माई बंडी धरली. म्हणला, "हा रात्री माया घरात शिरते." पाटील होते. माझा सासरा होता, जोडी घेऊन आलेला. माझी बायको बायकांत बसली होती, कडेवर पोरगं. तिनं ऐकलं. ती पुढं दोन वर्षं मले नीट जेवायले वाढत नव्हती, ते तुमाले नाई समजायचं.

चार दिवसांनी माझी माय आजारी पडली. मी तिले घेऊन अमरावतीच्या सरकारी दवाखान्यात गेलो, रात्रभर तथीच. सूर्यभानले हे माहीत नव्हतं. त्याच रात्री तो जागलीले जातो म्हणून निघाला, अन् मागच्या दारानं परत आला. इळा घेऊन खाटेखाली निजला. मले पकडाले.

पुढचं मैनावहिनीनं सांगतलं.

बारा वाजले असतील. कुत्रं बी भुंकत नव्हतं. दार वाजलं नाई. कडी हालली नाई.

उशाशी कोणी तरी श्वास घेतला.

सूर्यभान सरपटत बाहेर आला. इळा उगारला. समोर... काही नाई. निस्ता श्वास. भरून घेतलेला. सोडलेला.

त्यानं काडी ओढली. विझली.

दुसरी ओढली. विझली. वारा नव्हता.

तिसरी ओढली. हाताचा आडोसा केला. अन् त्या येवढ्या उजेडात त्याले समजलं... फुंक वरतून येत होती.

तिसरी बी विझली.

पहाटे मी दवाखान्यातून आलो तर माया उंबरठ्यावर त्याचा शेला होता, गाठ मारून ठेवलेला. अन् ते दोघं बैलगाडीत सामान भरून राह्यले होते. अकोल्याले चालले कायमचे. वहिनी माझ्याजवळ आली, सारं सांगतलं, अन् म्हणली, "भाऊजी, माया मनात कधी तुमच्याबद्दल तसं आलं नाई." ती बोलली. तिची काही गरज नव्हती बोलायची.

तो गाडीवर पाठ करून बसला होता.

आता तो अकोल्याच्या जठारपेठेत राहते. लेकाचं दुकान हाये, नातवंडं हायेत. दोनदा लग्नात दिसला. एकदा तर पंगतीत माया समोर बसला. भात कालवत राह्यला, मान वर केली नाई.

शेल्यातला गोळा फोडून काहून टाकला नाई म्हणता? फोडला का आतलं बाहेर येईन. अन् घर माझं हाये.

आण ते इकडं. सोड आता गाठ, सोड. शेला तोच हाये, किनार पाहा. बॅटरी धर. ...दिसलं? बोटानं पूस. बाहेरून पूस, निघत नाई. पन्नास वर्षं झाली. आता जाईन ते. थांब. ...गेलं. आता परत येईन.

आलं?

दम कोणाचा हाये ते मले ठाऊक नाई. शेषराव म्हणे बुधाजीचा, सांगणारा बी मेला आता. मले येवढंच ठाऊक हाये का तो माझा नव्हता. अन् हे ज्यानं चाळीस गावापुढं येऊन सांगायचं होतं, तो अजून आला नाई. सूर्यभान.