माळावरची सुनावणी

माझी बायको हरणाबाई गेली त्या साली लढाईमुळं माझ्या दुकानात राकेल येत नव्हतं. गूळ आणि शेंगदाणे विकून भागवत होतो. लोहाऱ्याजवळच्या आमच्या गावात लिंगायतांची पुरायची जागा म्हणजे सरकारी माळ. आमच्यात माणसाला बसवून पुरतात, हातात लिंग देऊन. माझ्या बायकोलाही तसंच बसवलं. तिच्या शेजारची जागा मी माझ्यासाठी धरून ठेवली.

ती जागा महालिंगप्पानं मागितली.

हा कोष्टी तिच्या माहेरचा. माझ्याआधी तिची सोयरीक त्याच्याशीच चालली होती. ती मोडली, पण त्यानं दुसरी केली नाही आणि आमच्याच गावात येऊन माग टाकला. तो दुकानात आला की हरणाबाई आतून विचारायची, "व्हय ओ, म्हायेराकडं पाऊस हाय का?" माझ्याशी बोलताना तिचा आवाज तसा कधी लागला नाही. ती गेल्यावर तो दर सोमवारी समाधीवर बेल वाहू लागला. मी पोचायच्या आधीच बेल वाहिलेला असायचा. मी तो उचलून फेकायचो.

तहसीलदारांनी मला न विचारता जागा त्याला दिली.

धाराशिवचा वकील म्हणाला, "जागा कुणाला द्यायची ते ठरवायचा अधिकार त्यांचाच. त्यावर तोंड उघडू नका. तुम्हाला बोलावलं न्हाय, ऐकलं न्हाय, एवढंच धरून ठेवा."

तेवढंच धरलं. जिल्ह्याचे मोठे साहेब, अव्वल तालुकदार, यांनी हुकूम रद्द केला. ज्याचा ज्याचा संबंध पोचतो त्या प्रत्येकाला पुकारून ऐका आणि नव्यानं ठरवा, असं सांगितलं.

तहसीलदार माळावरच आले. भर दुपार होती. बाभळीखाली त्यांना खुर्ची दिली. हुकूम रद्द झाल्याचं त्यांच्या मनाला लागलं होतं. या वेळी कुणाला बोट ठेवायला जागा द्यायची नाही, असं त्यांनी ठरवलेलं दिसत होतं.

"पुकार," ते चपराश्याला म्हणाले.

"साहेब, दोघं बी हातभर अंतरावर हायेत," खाजामियाँ म्हणाला.

"तरी पुकार."

त्यानं मला पुकारलं. महालिंगप्पाला पुकारलं. आम्ही हाजिर म्हणालो.

"आता बाईंना."

"कोन्त्या बाई, साहेब?"

"प्रत्येकाला, असा हुकूम आहे. इथं सगळ्यात जास्त संबंध कुणाचा? बायकोला ऐकलं नाही म्हणून हा उद्या परत धाराशिव गाठेल."

महालिंगप्पा हसला. खाजामियाँ मात्र हसला नाही. समाधीकडं तोंड करून त्यानं घसा खाकरला.

"हरणाबाई, शरणबसप्पाची बायको, हाजिर?"

बाभळीच्या शेंगा वाजल्या.

दुसऱ्यांदा पुकारलं.

तिसऱ्यांदा पुकारलं तेव्हा चरणाऱ्या गुरांनी माना वर केल्या. आता तो गैरहाजिर म्हणणार, म्हणून मी वाट पाहत होतो.

"हाजिर," खाजामियाँ म्हणाला.

तहसीलदारांनी समाधीकडं पाहिलं. "बोला, बाई."

मी कान दिला. गुरांच्या दाताखाली गवत तुटत होतं, तेवढं ऐकू आलं. दुसरं काही नाही.

तहसीलदार मान हलवत होते. मधेच म्हणाले, "सावकाश." खाजामियाँनं नजर खाली घातली होती.

आणि महालिंगप्पा ऐकत होता. माझ्या दुकानाच्या फळीला टेकून जसा ऐकायचा, अगदी तसाच. मग त्याचा चेहरा हळूहळू उतरत गेला. तो उठला.

"मला न्हाय पायजे, साहेब. जागा ह्यांचीच हाय."

तो चपला तिथंच टाकून चालू लागला.

मी जिंकलो होतो. पण माझ्या मनात एकच होतं. त्याला ऐकू आलं.

"शरणबसप्पा," तहसीलदार म्हणाले, "तुमच्यासमोरच झालं. ऐकलंत ना?"

मी नवरा.

"ऐकलं."

"सगळं कबूल?"

महालिंगप्पा बांधावर थांबला होता. माझ्याकडं बघून जोरजोरात मान हलवत होता. नको, नको.

त्याच्याकडं बघूनच मी म्हणालो, "कबूल."

खाजामियाँ पुढं आला. "साहेब, ह्यांचा खड्डा खणायला गडी लावू का?"

"आज नको," तहसीलदार उठत म्हणाले. "बाईंनी वार सांगितलाय ना."