विझवून दाखवलेला दिवा

उसन्या आणलेल्या उजेडाची गोष्ट अनेक रूपांत सांगितली जाते. एका रूपात वाटसरू माळावर लुकलुकणाऱ्या दिव्यामागे जातो आणि परततो तेव्हा त्याची नातवंडं म्हातारी झालेली असतात. दुसऱ्या रूपात दिवा घरात येतो आणि मोबदल्यात घरातलं एक माणूस जातं. दोन्हींत माणूस लोभापायी बुडतो. म्हणूनच ती ऐकून झोप लागते, कारण आपण लोभी नाही अशी ऐकणाऱ्याची खात्री असते. तिसरं रूप विरळ. त्यात बुडवते ती हाताची सवय, आणि हात तर प्रत्येकालाच असतात.

हे तिसरं रूप एक निवृत्त कंपाउंडर सांगत. रात्रीची जेवणं उरकून भाचरं गच्चीवर जमली की मगच, एरवी नाही.

"मामा, खरी आहे की तुमची आहे?" थोरली भाची हटकून विचारी.

"गोष्टीतला वायरमन माझ्या शेजारच्या गाळ्यात बसायचा. महिन्यातले पंधरा दिवस माझ्या पैशांनी चहा प्यायचा. भुतं फुकटचा चहा पितात का गं?"

त्या वायरमनला सगळे टुकटुक म्हणत. काम संपलं की तो बटण एकदा बंद करी, एकदा चालू करी. टुक, टुक. गिऱ्हाइकं वैतागत. "अहो, लागला ना दिवा? मग विझवून कशाला दाखवता?" त्यावर त्याचं उत्तर ठरलेलं असे : "लागलेला दिवा कुणीही दाखवील, ताई. विझून परत लागला, तर काम माझं."

जुन्या पाणीटाकीमागे एक दुमजली इमारत होती. तिथे काही अभ्यासक राहत. उजेड आणि काळ हा त्यांचा विषय, एवढंच बाहेर ठाऊक. बाकी सगळी झाकली मूठ. गावाने त्यांना उजेडवाले असं नाव ठेवलं होतं. नवा माणूस आत गेला की दार लागे, आणि त्या दारातून कुणाचं प्रेत बाहेर पडलेलं कुणाच्या आठवणीत नव्हतं.

डिसेंबरातला दुसरा शनिवार होता, अमावस्येची रात्र. टुकटुकची बायको छातीच्या दुखण्याने अंथरुणाला खिळली होती. घरात दोघंच. दुपारी डॉक्टर म्हणून गेले होते, "रात्र निघाली तर बघू." दिवेलागणीला तिचा खोकला एकदाचा थांबला, ती भिंतीकडे तोंड करून निजली, आणि टुकटुकला जरा हायसं वाटलं. तेवढ्यात उजेडवाल्यांचा दरवान दारात उभा.

"दिवाणखान्यातला दिवा फडफडतोय. चला."

"आज नाही जमायचं. घरात दुखणं आहे."

"आमच्या दिव्याखाली वेळ खर्च होत नाही. जाल तसे याल."

टुकटुक तिथल्या तिथे थांबला. उजेडवाल्यांकडे कुणी मरत नाही, असं गावात बोललं जाई ते त्याच्याही कानावर होतं. बायकोचा डोळा लागला होता. तिला उठवू नये म्हणून पाय न वाजवता तो निघाला.

दिवाणखान्यात छतातून काचेचा गोळा लोंबत होता. आत तार नाही, ज्योत नाही, नुसता दुधासारखा उजेड. खाली दहाबारा म्हातारे वाचत बसले होते. मेजावर एक मेणबत्ती जळत होती, पण मेण ओघळत नव्हतं.

"ही माझ्या गुरूंच्या गुरूंनी लावली," त्यांच्यातला थोरला म्हणाला. "वरच्या तारेचा सांधा दुरुस्त कर. पण दिवा बंद न करता."

"चालू तारेला हात? मला काय बायको-घर नाही, महाराज?"

"बंद झाला तर आम्ही नसू."

टुकटुकने जीव मुठीत धरून सांधा आवळला. उजेड स्थिर झाला. थोरल्याने मजुरी विचारली, तेव्हा त्याला हुंदका आवरेना. "यातला चिमूटभर उजेड द्या. बायको जातेय माझी."

मग थोरल्याने लिंबाएवढा एक गोळा मोठ्या गोळ्याला भिडवला. तो उजळला.

"हा आयुष्य देत नाही. खोलीत जे असेल ते सरू देत नाही, एवढंच. एकदा लागला की विझवायचा नाही. विझला तर थांबलेलं सगळं एका क्षणात घडून जातं. आणि एक ध्यानात ठेव, तुझ्या घरी आत्ता काय उरलंय ते..."

टुकटुक जिना उतरून गेला होता.

घरी आल्यावर त्याने स्टुलावर चढून गोळा टांगला, तार बटणापर्यंत आणली आणि बटण दाबलं. खोली दुधाने भरल्यासारखी झाली. बायकोने कूस बदलली. डोळे उघडले.

"किती उशीर! जेवलात?"

"तुला कसं वाटतंय?"

"हलकं. छातीवरची धोंड कुणी उचलली की काय... आणि हे काय आणलंत? बिल आलं की डोळे पांढरे होतील."

टुकटुक महिन्यानंतर पहिल्यांदा हसला. ती उठून भिंतीला टेकून बसली. पाणी मागितलं. फणी मागितली. केस विंचरता विंचरता रागावलीही, "चपला घालून स्टुलावर? उतरा आधी. पडलात तर मला उचलवणार नाही."

तो उतरला. लोंबती तार त्याने भिंतीला नीट ठोकली. बटणाचा स्क्रू पिळला. मागे सरून पाहिलं. काम चोख झालं होतं, आणि खूप दिवसांनी त्याच्या मनावर कसलंच ओझं नव्हतं.

इथे मामा स्वतःचा अंगठा वर धरून दाखवत. एकही भाचरू चुळबूळ करत नसे.

अंगठा आपोआप बटणावर गेला.

तिने पाहिलं. "अहो..."

टुक.

अंधार.

"...नको..."

टुक.

दिवा लागला. काम त्याचंच होतं.

ती भिंतीकडे तोंड करून निजली होती. चादर गळ्यापर्यंत. तो निघाला तेव्हा होती तशीच. त्याने हाक मारली. पुन्हा मारली. हात धरला...

हात लाकडासारखा होता.

छतातला गोळा हळूहळू मंदावला आणि विझला. त्याने पुष्कळदा बटण दाबलं.

सकाळी डॉक्टर आले. औषधांची पेटी घेऊन मामा बरोबर होते. डॉक्टरांनी तिचा हात उचलून पाहिला, पापणी उघडून पाहिली.

"ही काल दिवेलागणीलाच गेली. तू बाहेर पडलो म्हणतोस त्याच्या आधी."

"मग माझ्याशी बोललं कोण?"

डॉक्टरांनी पेटी बंद केली.

टुकटुकच तेवढा बोलत राहिला. "विझवला नसता तर राहिली असती. जी होती ती... राहिली असती." मामांनी त्याला धरून उठवलं, तेव्हा पलंगामागची भिंत दिसली. चुन्यावर एक सावली होती. बसलेल्या बाईची. मोकळे केस, आणि 'नको' म्हणत बटणाच्या दिशेने उचललेला हात. ऊन सरकलं तरी ती हलली नाही. बोटाने पुसली, पुसली गेली नाही.

टुकटुकने धंदा सोडला. पाणीटाकीमागे गेला तर दाराला कुलूप. महिन्याभराने मामांनीच रंगारी बोलावला आणि ती भिंत चुन्याने दोनदा रंगवून घेतली. खोली बंद ठेवली. चुना वाळल्यावर दोघं बघायला गेले. मामांनी खिडकी उघडली.

सावली परत आली होती. तेच केस, तसंच बसणं. फक्त हात आता खाली होता.