बंद पाकिटातली खेळी

लुंबिनी उदगीरला गेली ती चार घड्याळं आणायला. बुद्धिबळाची, दोन तबकड्यांची, चावी द्यायची जुनी घड्याळं. दहा वर्षं चेन्नईत शिकून, स्पर्धांमागे देशभर फिरून ती कंधारला परतली होती आणि वस्तीतल्या पोरांसाठी फुकट वर्ग काढत होती. एकदा पट हाताखाली आला की ही पोरं कुणाला हार जायची नाहीत, याबद्दल तिला तिळमात्र शंका नव्हती. अवधूत सर तिथले निवृत्त शिक्षक, एकेकाळचे विभागाचे विजेते. फोनवर ते म्हणाले होते, "पडूनच आहेत गं, घेऊन जा."

निघताना वडील, नरसिंग, एवढंच बोलले, "घड्याळं घे अन् ये. जुनं काई उकरू नको."

जुनं म्हणजे त्यांचा थोरला भाऊ, आनंदराज. उदगीरच्या मोंढ्यात, धान्याच्या बाजारात, हमाली करायचा आणि दुपारी पोत्यांवर पट मांडून बसायचा. अठ्ठ्याऐंशी साली विभागाच्या शेवटच्या फेरीत तो अवधूत सरांसमोर बसला. डाव अर्धा राहिला, दुसऱ्या दिवसावर गेला. दुसऱ्या दिवशी आनंदराज आला नाही. घरीही परतला नाही. पुढे कधीच नाही. लोक म्हणाले, हरत होता, तोंड लपवून पळाला. तो शब्द घराला चिकटला तो चिकटलाच. लुंबिनीने पहिली ढाल आणली तेव्हाही कुणीतरी म्हणालं होतं, "चुलत्यावानी पळू नको म्हंजे झालं."

दुपारचे तीन वाजले होते. वीज गेलेली. सरांच्या माडीवरच्या खोलीत पंख्याची पाती थिजल्यासारखी लटकत होती. सरांनी ट्रंक उघडली तसा डांबरगोळ्यांचा वास सुटला. एक, दोन, तीन, चार घड्याळं बाहेर आली आणि त्यांच्या तळाशी एक पिवळं पाकीट दिसलं.

'पांढरा : आनंदराज. काळा : अवधूत. खेळी एक्केचाळिसावी.' चिकटवलेल्या जोडावर दोन सह्या.

लुंबिनीला काय ते कळलं. त्या काळी डाव दुसऱ्या दिवसावर गेला की ज्याची पाळी असेल त्याने पुढची खेळी पटावर खेळायची नाही. कागदावर लिहून पाकिटात बंद करायची. डाव पुन्हा सुरू होताना पंचांनी पाकीट फोडायचं.

"हे फोडलंच नाही, सर?"

"न्हाई." सर खुर्चीत बसले. "पंचांनी विचारलं, फोडायचं का? मी गप्प बसलो. त्यांनी डाव मला देऊन टाकला. नियम तसा नव्हता... मला माहीत होता नियम."

"मग गप्प का बसलात?"

सरांनी पट ओढला आणि त्या दिवशीची स्थिती मांडू लागले. नजर खिडकीबाहेर होती. हात आपोआप चालत होते. पांढऱ्याचं एक प्यादं शेवटच्या घरापासून एकच पाऊल दूर, पण काळ्याची मात पुढच्याच खेळीवर.

"लोकांनी एवढंच पाहिलं. प्यादं पुढं नेऊन वजीर मागितला, तरी मी पुढच्या खेळीला मात देतो."

लुंबिनी पटावर वाकली. "वजीर कशाला? घोडा मागायचा. शह बसतो, अन् तुमची मातही अडते."

"तुला अर्धं मिनिट लागलं. मला अख्खी रात्र लागली." सरांचा आवाज खाली गेला. "त्याला सापडलाय का, तेवढंच कळत नव्हतं. आणि ते या पाकिटात होतं. शाळेतली नोकरी, सत्कार, सगळं त्या डावावर मिळालं मला, लुंबिनी. हमाल घोडा मागेल असं गावात कुणाला वाटलं नाही. मला वाटलं होतं."

तिला संताप आला. पण त्याहून मोठी होती ती उत्सुकता. "फोडा, सर."

आत जाड शिसपेन्सिलीची मोठाली अक्षरं होती. प्यादं शेवटच्या घरात. घोडा. शह.

 मग सर सावरून बसले. "आता पुरा करू. समोरचा हजर नसला, तर मी माझं उत्तर नव्या पाकिटात बंद करायचं आणि त्याचं घड्याळ चालू करायचं. छत्तीस वर्षांपूर्वीच करायला पाहिजे होतं."

त्यांनी पटावर घोडा ठेवला. हाताच्या आडोशाने कागदावर खेळी लिहिली, ती तिलाही दाखवली नाही. नवं पाकीट चिकटवलं, जोडावर दोघांनी सह्या केल्या. त्या दिवशी आनंदराजची आठ मिनिटं उरली होती. सरांनी चारांतल्या एका घड्याळाचे काटे तसे लावले.

"चालायचं नाही म्हणा. आतली स्प्रिंग कधीच तुटलीय." त्यांनी खटका दाबला.

टक... टक... टक...

दोघांनी एकमेकांकडे पाहिलं.

खालून सरांच्या पत्नी, कुसुमकाकूंनी चहाला हाक मारली. मांजर पटावर चढतं म्हणून सरांनी दाराला बाहेरून कडी घातली.

स्वयंपाकघरात काकू चहा गाळत होत्या. ओट्यावर चार कप.

"चौथा कुणाला?" सर म्हणाले.

"वरच्यांना. खाली नाही का यायचं त्यांना?" काकूंनी वर पाहिलं. "आत्ता तर खुर्ची ओढली त्यांनी."

चहा तसाच राहिला. दोघं जिना चढून वर आले. कडी लावलेली तशीच होती. आत घड्याळ चालू होतं.

सरांनी कडी काढून दार ढकललं. डांबरगोळ्यांचा वास कुठल्या कुठे गेला होता. खोलीत तागाच्या पोत्यांचा, तुरीच्या धुळीचा वास कोंदला होता. घामाचाही... पांढऱ्या बाजूची खुर्ची थोडी मागे सरकलेली होती.

आनंदराजचा काटा थांबला होता. आठातली चार मिनिटं शिल्लक. आता टकटक येत होती ती सरांच्या तबकडीतून.

"राजा कोपऱ्यात..." सर पुटपुटले. "मी हेच लिहिलंय."

पाकीट होतं तिथेच होतं, बंद. पण काळा राजा कोपऱ्यात उभा होता. आणि पटाच्या पार दुसऱ्या टोकाला, लढाईशी काही संबंध नसलेलं पांढरं प्यादं एक घर पुढे आलं होतं.

 लुंबिनी आणखी जवळ गेली. ते प्यादं तिथे कशासाठी? तिने एक वाट मोजली, दुसरी मोजली, तिसरी. प्रत्येक वाटेच्या शेवटी काळा मरत होता. असली शांत खेळी तिला जन्मात सुचली नसती.

"छत्तीस वर्षं रोज पाहतोय हा पट," सर म्हणाले. "हे प्यादं मला दिसलं नाही."

त्यांनी घड्याळ थांबवलं. आपला राजा आडवा केला आणि पटावरून उजवा हात पुढे केला. "हरलो, आनंद. तेव्हाच हरलो होतो."

हात हवेत थांबला. मग दोनदा सावकाश खालीवर झाला. सरांनी हात मागे घेतला, तळव्यात पाहिलं, मूठ मिटली आणि तसेच खिडकीशी जाऊन पाठमोरे उभे राहिले.

लुंबिनीने नवं पाकीट बाजूच्या कडेने कापलं. सह्यांचा जोड तसाच ठेवला. कागदावर सरांची निळी ओळ होती : राजा कोपऱ्यात. तिच्या खाली शिसपेन्सिलीची तीच मोठाली अक्षरं. प्यादं, एक घर. तिने अंगठा फिरवला. शिसं बोटाला लागलं.

ती दाराशी गेली आणि वडिलांना फोन लावला. 

"पप्पा... काका पळाले नव्हते. ते जिंकत होते, पप्पा. माझ्या हातात त्यांचा कागद हाय."

 पलीकडून नरसिंग, लहान भावाच्या आवाजात, "मंग लुंबे... हाय कुठं तो?"

ती पटाकडे वळली. सर अजून खिडकीशीच होते, पाठमोरे, मूठ मिटलेली. काळे मोहरे होते तसेच विखुरलेले, राजा आडवा. पांढरे सोळाच्या सोळा मात्र आपापल्या घरी परतून, नव्या डावासाठी ओळीत उभे होते.

काळ्या बाजूची खुर्ची रिकामी होती. थोडी मागे ओढून, तिच्याकडे वळवून ठेवलेली.