बेकरीतला जुना गोळा

हे खरं घडलेलं आहे. पटत नसेल त्याने इथेच थांबावं, माझी तक्रार नाही.

ज्या बाईच्या बाबतीत घडलं ती माझी मावसबहीण, गीतांजली. खोटं बोलायला तिला फुरसतच नसते. पहाटे उठून बेकरी, दिवसभर बेकरी, रात्री अंग टाकलं की मेल्यासारखी झोप. अशी बाई भुतांच्या गोष्टी रचेल कशाला?

ठिकाण अकोला, मोर्णा नदीपलीकडचा जुने शहर भाग. वेळ गेल्या मे महिन्यातली दुपार.

हो, दुपार. अकोल्यातली मे महिन्याची दुपार ज्याने पाहिली आहे, तो रात्रीचा हट्ट धरणार नाही. गल्लीत चिटपाखरू नसतं. शटरं खाली, खिडक्या बंद, कुत्री नालीत पडलेली.

बेकरी उभी केली तिच्या सासऱ्यांनी. नाव गोवर्धन, सगळी गल्ली बाबा म्हणायची. अंजनगाव सुर्जीकडचं भाजीपाला पिकवणारं घर. त्यातला हा एकटाच पिठात हात घालून बसला. पुढे दुकान, मागे घर. पेस्ट्री आणि चॉकलेटं गीतांजली करायची, आणि त्यांच्यासाठी लोक पार दुसऱ्या टोकावरून यायचे. पण गल्लीचा जीव क्रीम बनवर, आणि बन बाबांचे.

बाबा बाजारचं यीस्ट वापरायचे नाहीत. दह्याला कालचं विरजण लावतात ना, तसं आजच्या पिठात कालच्या पिठाचा गोळा घालायचे. आजच्यातला थोडा उद्यासाठी राखायचे. वर्षानुवर्षं तोच गोळा पुढे चालत आलेला.

दुपारी दुकान बंद असताना ते पीठ ओट्यावर आपटून मळायचे.

थप... थप... थप.

मग टबात झाकून ठेवायचे. काही वेळाने त्यात एक बोट खुपसायचे. खड्डा भरून आला, तर अजून थांबायचं. तसाच राहिला, तर पीठ तयार. मग स्टुलावर बसून म्हणायचे, "झालं बाप्पा आजचं."

होळीनंतर एका दुपारी त्यांनी पीठ मळलं, टबात ठेवलं, स्टुलावर बसले आणि बसल्या बसल्याच गेले.

त्या दिवशी "झालं आजचं" म्हणायचं राहून गेलं.

आपल्याकडे घरात माणूस गेलं की शिजवलेलं अन्न आणि भरलेलं पाणी ओतून देतात. शेजारच्या बायकांनी हंडे पालथे केले. सासूबाई, माणिकबाई, भिंतीला टेकून एकच विचारत होत्या, "सारं ओतलं ना वं गीता? काई ठेवू नको."

"सारं ओतलं, आई."

ओतलंच होतं तिने. घरातलं.

दुकानातला टब तिला रात्री आठवला. पीठ फुगून झाकण वर आलं होतं. फेकायला हात धजला नाही. बाबांच्या हातचं शेवटचं पीठ ते. दुकान म्हणजे काही घर नव्हे, असं तिने मनाला समजावलं आणि टब फ्रिजमध्ये सरकवला.

तेरवी झाली. नणंद दीपमाला अमरावतीला परत निघाली. जाताना बाबांची आठवण म्हणून बेकरीतून स्टीलचा डबा भरून घेऊन गेली. चॉकलेटं नेली असतील, म्हणून गीतांजलीने उघडून पाहिलं नाही.

दुकान पुन्हा सुरू झालं. नवरा शेखर गल्ल्यावर बसतो, पण पिठाचा त्याला भारी कंटाळा. म्हणजे पेस्ट्री हिची, चॉकलेटं हिची, आता बनही हिचेच. तोच गोळा घालून ती मळायची. गिऱ्हाईक म्हणायचं, "बाबाचाच हात हाय बाप्पा!" तिला बरं वाटायचं. पाठ मात्र मोडून आली होती.

मे महिना लागला. एका दुपारी ती मागच्या खोलीत फरशीवर पडली होती. बनचं पीठ मळायचं बाकी होतं, पण उठवत नव्हतं. वीज गेली. कूलरची घरघर थांबली. घर एकदम शांत...

थप...

थप...

तिला वाटलं, शेखर असेल. मान वळवली. शेखर शेजारीच घोरत पडला होता.

ती उठली. दुकानाकडच्या दाराला कडी होती, हिनेच लावलेली. काढून आत गेली. कोणी नव्हतं. शटर खाली. ओटा कोरडा.

टबाचं झाकण उचललं... पीठ मळून तयार होतं.

मधोमध एका बोटाचा खड्डा.

तुम्ही किंवा मी असतो तर किंचाळत गल्लीत पळालो असतो. ही बाई काय म्हणाली माहीत आहे? "चला, एक काम तरी कमी झालं." इतकी ती थकली होती. दुसऱ्या दिवशी मुद्दामच मळलं नाही. कालचा गोळा, मैदा, पाणी, सगळं टबात टाकून पडून राहिली.

थप... थप... थप.

बरेच दिवस असंच चाललं. भीती वाटेनाशी झाली. माणसाला कशाचीही सवय लागते, फुकटच्या मदतीची तर लवकरच.

मग आवाज बदलला.

थप......

बराच वेळ काही नाही.

......थप.

मध्ये श्वास. म्हाताऱ्या माणसाला धाप लागावी तसा. मग फरशीवरून पाय ओढल्याचा आवाज. गीतांजलीने एकदा स्टूल ओट्याजवळ नेऊन ठेवलं, निदान बसतील तरी. संध्याकाळी पाहिलं, तर स्टूल परत भिंतीशी.

बसायला मिळत नव्हतं.

त्याच आठवड्यात माणिकबाईंनी तिला जवळ बोलावलं.

"गीता, हे सपनात येऊन राहिले वं. हाताले पीठ लागलेलं. पाय दुखते म्हणतेत, पण बसत नाईत. मी म्हटलं, या न घरी. तर म्हणतेत, आजचं झालं नाई अजून." त्या थांबल्या. "तू सारं ओतलं होतं ना?"

गीतांजलीने दुकानाकडच्या दाराकडे पाहिलं. माणिकबाईंना कळायचं ते कळलं. रागावल्या नाहीत, तेच तिला जास्त लागलं.

"जिता होता तवा राबला," त्या म्हणाल्या. "मेल्यावर त सोडा त्याले."

नदीत सोडावं, तर मोर्णेला मे महिन्यात पाणी कुठलं? शेखरने मागच्या अंगणात खड्डा खणला. गीतांजलीने टब आणला. गोळा गेला तर बनची चव गेली, आणि चवीबरोबर गिऱ्हाईक, हे तिला कळत होतं. तरी आणला. टब कलता करून ती मोठ्याने म्हणाली, "झालं बाबा आजचं. आता बसा."

पीठ जसंच्या तसं घसरून मातीत पडलं. त्यावर बोटाचा खड्डा तसाच दिसत होता.

आणि तिच्या डोळ्यांदेखत तो खड्डा... हळूहळू भरून आला.

भरून आला तर अजून थांबायचं.

शेखरच्या लक्षात आलं नाही, तो माती लोटत होता.

त्यानंतर दुपारी आवाज आला नाही. ती बाजारचं यीस्ट घालून बन करू लागली. लोक म्हणाले, "ते मजा नाई राहिली." काही जण यायचे बंद झाले. पण माणिकबाईंना रात्री शांत झोप लागू लागली, आणि गीतांजलीलाही. तिला वाटलं, सुटला एकदाचा बिचारा माणूस.

जुलैत दीपमालाचा फोन आला. अमरावतीला ती घरी केकचे क्लास घेते.

"वहिनी, सांगू काय? हसू नका. दुपारी माह्या किचनमधून आवाज येते. थप थप. आधी घाबरली मी, मग रडूच आलं. बाबा आले माह्याकडे."

गीतांजलीने मध्येच विचारलं, "दीपा... तेरवीले तू डब्यात काय नेलं होतं?"

"तुमच्या टबातला गोळा. रोज मैदा-पाणी घालून राहिली त्याले. मस्त फुगते!"

"फेक तो. आत्ताच्या आत्ता फेक."

"काहून? मी नाई फेकत. माह्या बापाची निशाणी हाय ते." मग दीपमाला हसली. "अन् मी फेकून काय होते? क्लासच्या साऱ्या बायांले थोडा थोडा वाटला. एक तर नांदगाव खंडेश्वरले घेऊन गेली. त्याबी पुढे वाटतेत म्हणे."

गीतांजलीने फोन कानाशी घट्ट दाबला. फोनमध्ये, दीपमालाच्या मागून, ऐकू येत होतं...

थप......

धाप लागलेला श्वास.

......थप.

मी गीतांजलीला विचारलं, सगळ्या बायकांना गाठून सांगता नाही का येणार? ती म्हणाली, कोणाकोणाला गाठू? दीपमालाच दाद देत नाही. आता गीतांजली दुपारी झोपत नाही. फरशीवर पडून छताकडे बघत राहते. पाय दुखणारा तो म्हातारा या घडीला कोणाच्या ओट्याशी उभा असेल, मग तिथून कुठे जात असेल, हेच तिच्या डोक्यात चालतं. मलाही हल्ली दुपारी कुठे पीठ आपटल्याचा आवाज आला की बसवत नाही.

माणिकबाईंना तिने काही सांगितलेलं नाही. त्या अजूनही रात्री दिवा मालवताना अंधारातून विचारतात, "आता झोपले असतीन ना वं हे?"

"हो आई," गीतांजली म्हणते. "कधीचेच झोपले."