दोघांना सारखं

ढोलांची नक्षी छापलेला नवाकोरा शर्ट म्बुईने आईच्या पायाशी फेकला, आणि न्गालुलाच्या काळजात चर्रर्र झालं!

“अख्ख्या काबेया गावाला माहीत आहे मी कणीस निशाणीच्या पक्षाचा आहे म्हणून, आणि तू मला ढोल निशाणीवाल्यांचा शर्ट शिवून आणतेस?”

“अरे, काबांगाने मागितला… मग त्याला एकट्याला कसा देऊ? जुळ्यांतल्या एकाला दिलं नाही, तर तो रुसतो, अंथरूण धरतो, निघून जातो…”

“मी वेगळा माणूस आहे, आई! का नुसता त्याचा आरसा आहे?”

दाराशी टेकलेला काबांगा फिदीफिदी हसला. “घाल की रे! निवडणुकीत तुमच्या कणसाचं बुरकुंडच उरणार आहे. निदान अंगावर धड कापड तरी राहील.”

“हसा! दोघं मिळून हसा! आजपासून तुझ्या हातचं अन्न मला विष आहे, आई.”

तो गेला… आणि न्गालुलाने तो शर्ट डोळ्यांना लावून पेटीच्या तळाशी ठेवला. तिचं काय चुकलं होतं? कासाई मुलखात जुळ्यांच्या आईला कुणी नावाने हाक मारत नाही, थोरल्याच्या नावाने मारतात. पंचवीस वर्षं ती म्बुईची आई होती आणि पंचवीस वर्षं तिने एक अंडंसुद्धा दोऱ्याने कापून दोघांत वाटलं होतं. एकाने खोडी केली तर धपाटा दोघांना! गाव हसायचं, पण तिची त्या रीतीवर अढळ श्रद्धा होती.

ढोलवाल्यांकडून उभा राहिलेला काबांगा निवडून आला. महिन्याभराने बेल्जियन साहेब गेले, नवा झेंडा चढला, लोक तीन दिवस नाचले. न्गालुला मात्र रोज मक्याच्या बिदियाचे दोन गोळे थापायची, एक काबांगापुढे ठेवायची आणि दुसरा झाकून दाराकडे बघत बसायची. असे आठ महिने गेले, आणि एके दिवशी रेडिओवर सांगितलं की सरकार पडलं, ढोलवाल्यांवर बंदी आली. काल ज्यांच्या गळ्यात हार होते, त्यांच्या हातांत आता दोर पडू लागले.

काबांगा घरी परतला तो तापाने फणफणलेला. दोन दिवसांत त्याची शुद्ध हरपली. तिसऱ्या दिवशी भर दुपारी मागचं दार ढकलून म्बुई आत आला. न्गालुला पिठाच्या हातांनीच उठली.

“पकडायच्या यादीत त्याचं नाव आहे, आई. सैनिकांचा ट्रक बाजारापर्यंत आलाय.”

“पळवून ने रे त्याला! तुझ्या पाया पडते…”

“याला कसा पळवू? हा बसू तरी शकतोय का?” त्याने भावाच्या कपाळावर हात ठेवला. “आई, तो शर्ट टाकलास का ठेवलास?”

तिला उमगलं… सगळं उमगलं! ती पेटीवर जाऊन बसली. “नाही! नाही देणार! मी विष खाईन, पण…”

“जन्मभर दोघांना सारखं दिलंस.” तो तिच्यापुढे उकिडवा बसला. “आज एकदाच मला एकट्याला काही दे.”

त्याने तिला हळूच उठवलं. शर्ट चढवला, काबांगाचा तसलाच शर्ट चुलीत सारला, आणि खिशातलं आपलं कणीस पक्षाचं कार्ड भावाच्या उशाखाली ठेवलं. मग चटईवर मांडी घालून झाकलेलं भांडं पुढे ओढलं आणि आठ महिन्यांनी आईच्या हातचा घास तोंडात घातला. “मीठ कमी आहे,” तो हसून म्हणाला. तिने हुंदका गिळून मिठाचं गाडगं पुढे सरकवलं. दुसरा घास त्याच्या हातातच राहिला, कारण ट्रक दाराशी थांबला होता.

सार्जंटने दोघांकडे आळीपाळीने पाहिलं. “जुळ्यांत आईलाच फरक कळतो म्हणतात. बोल म्हातारे, हा कोणता?”

म्बुईच्या भुवईवरचा तिळाएवढा व्रण तिच्या डोळ्यांपुढे थरथरत होता… म्बुईने डोळ्यांनीच विनवलं.

“हा… काबांगा.”

“आणि तो?”

“माझा म्बुई.”

चौथ्या दिवशी बातमी आली, पकडून नेलेल्यांना नदीकाठी गोळ्या घातल्या. जुळ्यासाठी रडायचं नसतं. रडलं तर तो दुसऱ्यालाही नेतो. शेजारणी आल्या, आणि जुळं गेलं की सांगायची रीत असते तसं तिने कोरड्या डोळ्यांनी सांगितलं, “मुलगा लाकडं आणायला गेलाय.” हाय रे दैवा! आईच्या अश्रूंवरसुद्धा तिचा हक्क नव्हता! तो शर्ट तिनेच शिवून घेतला होता, हे मात्र तिने कुणाला सांगितलं नाही.

काबांगा शुद्धीवर आला आणि त्याने भिंतीवर डोकं आपटलं. “मी त्याला हसलो होतो गं! जातो चौकात, ओरडून सांगतो मी काबांगा आहे म्हणून!”

“आणि त्याने दिलेलं मातीत घालतोस?”

तो दारातून मागे फिरला.

संध्याकाळी तिने बिदियाचे दोन गोळे थापले, एक त्याच्यापुढे ठेवला, एक झाकला. बाहेर सैनिकांच्या बुटांचे आवाज येत होते. तिने सगळं बळ एकवटून मोठ्याने हाक मारली, “म्बुई, जेवायला ये रे!”

काबांगाने सवयीने दाराकडे पाहिलं. दारात कुणीच नव्हतं. ओठ चावत, घळाघळा वाहणारे डोळे पुसत तो म्हणाला, “आलो, आई.”