मनकर्णाचं पान

सर्वपित्रीच्या सकाळी ज्योत्स्ना उडदाचे वडे तळत होती. गेलेल्या माणसाची तिथी माहीत नसली, की त्याचं पान या अमावस्येला वाढतात. मनकर्णाची तिथी असणार तरी कुठून? ती मुळात जन्मलीच नव्हती.

ज्योत्स्ना अमरावतीची कलावंत. शेंदूरजनाघाटला खोली घेऊन वर्षभर ती मनकर्णा नावाची मजुरीण होऊन वावरली. हनुवटीवर काजळाचे तीन ठिपके, कामाला डावा हात, तोंड फटकळ. संत्र्याची बाग हा तिचा रंगमंच आणि बाजारातली माणसं हेच प्रेक्षक. प्रयोग गाजला, पण सोंग अंगाशी आलं. ठिपके पुसले तरी डावाच हात पुढे व्हायचा. आईनं फोनवर "ज्योत्स्ना" म्हटलं, तर ओ द्यायला वेळ लागायचा. आपलं नाव आपल्याकडे राहील की नाही, याची तिला आता खरीच भीती वाटत होती. म्हणून हा शेवटचा प्रयोग. मनकर्णाला जेवू घालायचं आणि वाटेला लावायचं.

घरमालकीण पार्वताबाईंना हे पसंत नव्हतं.

"ज्योत्स्ना, जे मेलंच नाई, त्याले जेवाले काहून बोलावून राह्यली?"

"नाटकच आहे हो, काकू."

"तुयासाठी असन नाटक. कावयाले काय समजते?"

दोघींनी पान न्हाणीच्या टिनाच्या छपरावर ठेवलं. भर दुपार होती. बागेतून गळून कुजलेल्या संत्र्यांचा आंबूस वास येत होता. एक कावळा आला, पानाशी बसला... आणि बसूनच राहिला. शेजारच्या घरांवरची कावकाव हळूहळू थांबली.

"शिवून नाई राह्यला," पार्वताबाई कुजबुजल्या. "तिचं काई तरी राह्यलं असन... कबूल कर."

ज्योत्स्नानं लुगडं कबूल केलं. बागेत दिवा लावीन म्हणाली. कावळा ढिम्म हलेना. तो पानाकडे पाहतच नव्हता, तिच्याकडे पाहत होता. मनकर्णाला काय हवं असेल, हे ज्योत्स्नाशिवाय कोणाला कळणार? तिनंच तर तिला घडवलं होतं.

"बरं बाई... माझं आहे ते सगळं तुझं," ती घाईघाईनं म्हणाली. "आता तरी जा."

कावळ्यानं झडप घातली आणि वडा घेऊन तो बागेकडे उडाला.

पार्वताबाईंनी डोळ्यांना पदर लावला. "सुटली बिचारी ज्योत्स्ना. गुनाची पोरगी होती."

"काकू... मी इथंच आहे!"

"हाव ना. तूच तं होती तिच्या जवळची. रडू नको, मनकर्णे. दोन घास खाऊन घे."

आत फोन वाजला. आईचाच होता. ज्योत्स्ना धावली, फोन उचलला. डाव्या हातानं.

"आई... आई, मी बोलतेय!"



"कोन बाई तुमी?" पलीकडून आईनं घाबरून विचारलं. "आमच्या ज्योत्स्नाचा फोन तुमच्यापाशी कसा?"